जगनशेठच्या विहिरीत पडलेला बिबट्या

जगन घरत यांना सगळे जगनशेठ म्हणतात. कर्नाळ्याच्या पायथ्याशी, हायवेपासून थोडं आत, वडिलांची भातशेती होती. तिचे त्यांनी अठरा प्लॉट पाडले आणि जासईहून एक जुना कंटेनर उचलून आणून त्यात ऑफिस थाटलं. माणूस दिलदार. खोटं बोलायचे, पण कोणाचं वाकडं व्हावं म्हणून नाही; समोरच्याला बरं वाटावं म्हणून. स्टेशन किती लांब, असं विचारलं की समोरच्याच्या चेहऱ्याकडे बघून ते अंतर ठरवायचे.

दोन वर्षांपूर्वी फेब्रुवारीतल्या एका रविवारी मी आणि माझी बायको वल्लरी त्यांच्याकडे प्लॉट बघायला गेलो. नवीन पनवेलच्या सातव्या मजल्यावर राहून आम्हाला मातीची हौस आली होती. ओढ्याकाठचा नऊ नंबरचा प्लॉट वल्लरीला आवडला. तिने सहज विचारलं, "दादा, या बाजूला बिबट्या येतो म्हणे?"

जगनशेठ मनापासून हसले. "मॅडम, बावन्न वर्षं काढली मी इथं. बिबट्या सोडा, कधी मांजर आडवी गेली नाय."

तेवढ्यात बांधावरून त्यांची बायको जनीताई आल्या. हातात रिकामी बादली. भाजीला पाणी घालायला गेल्या होत्या.

"अवो, जरा विहिरीकडं या."

"गिऱ्हाईक हाय समोर, दिसत नाय का?"

"तिकडं पन एक गिऱ्हाईक हाय," जनीताई म्हणाल्या. "चार पायांचं."

विहीर जुनी, कठडा नसलेली. वाकून पाहिलं तर खाली मोटरच्या पाइपाला मिठी मारून एक बिबट्या अर्धा पाण्यात लोंबकळत होता. आमच्याकडे बघून त्याने दात दाखवले, पण त्यात दम नव्हता. रात्रभर पोहून दमला असावा. जगनशेठनी आधी बिबट्याकडे पाहिलं, मग वल्लरीकडे. "बाहेरगावचा असंल," ते म्हणाले.

मी वनखात्याला फोन लावला. वनरक्षक अनुया मोटरसायकलवरून अर्ध्या तासात पोचली. पंचविशीतली, किरकोळ अंगाची, पण आवाज खणखणीत. तिने आल्या आल्या जनीताईंची खाट मागितली. चार कोपऱ्यांना दोर बांधून ती खाली सोडली. बिबट्या आधी गुरगुरला, मग खाटेवर चढून भिजलेल्या बोचक्यासारखा बसून राहिला.

"आता शिडी सोडली की तो आपला आपण येईल," अनुया म्हणाली. "फक्त वर कोणी दिसता कामा नये."

नेमकं तेच अवघड होतं. तासाभरात तीनशे माणूस जमलं होतं. मोबाइल उंच धरलेले, पोरं खांद्यावर, एकजण तर कुल्फीची गाडी घेऊन आला. ओरडून ओरडून अनुयाचा घसा बसला, दोन पोलीस आले, त्यांनीही आधी सेल्फी काढला. वरून कोणी खडा टाकला की बिबट्या कान पाडून खाटेला चिकटायचा. पिंजऱ्याची गाडी दुसरीकडे अडकली होती. ऊन चढत होतं.

अनुया जगनशेठकडे वळली. "काका, गावात तुमचं ऐकतात ना? काहीतरी करा. असाच बसला तर तो संपेल."

जगनशेठनी खिशातून फोन काढला. फोन वाजला नव्हता, हे मी शेजारीच उभा असल्याने सांगू शकतो. तो कानाला लावून ते गर्दीच्या मधोमध गेले आणि किंचाळले, "काय सांगतोस! दगडखाणीत? मादी? अन् दोन पिल्लं? अरे, दूध पाजतेय?"

मग फोन खिशात घालून अगदी हळू आवाजात शेजारच्याला म्हणाले, "कोनाला बोलू नको हां."

दहा मिनिटांत विहिरीवर चिटपाखरू उरलं नाही. दगडखाण पावणेदोन किलोमीटरवर. कुल्फीची गाडीसुद्धा गेली. पोलीसही गेले, बंदोबस्ताला.

अनुयाने बांबूची शिडी सोडली आणि आम्ही सगळ्यांनी कंटेनरमध्ये शिरून, दार लावून खिडकीला नाक लावलं. वीस मिनिटं काहीच नाही. मग आधी दोन कान वर आले. बिबट्या बाहेर आला, अंग झाडलं, चिखलाचे थेंब थेट 'प्लॉट विकणे आहे'च्या पाटीवर उडाले. मग घाई न करता तो ओढ्यात उतरला आणि कर्नाळ्याच्या दिशेने झाडीत शिरला.

जगनशेठ जनीताईंकडे वळले. "केवढासा हाय गं तो," ते म्हणाले. "मला वाटायचं, लय मोठा असंल."

"हाच नसतो नेहमी," जनीताई म्हणाल्या. "एक मोठी मादी पन येते. वांग्यांच्या वाफ्यात पाय उमटलेले असतात. चार वर्षं बघते मी."

"अन् मला बोलली नाय?"

"तुमचा धंदा बसला असता. मी रोज सकाळी झाडू मारते तिथं."



पुढच्या आठवड्यात अनुया नकाशा घेऊन आली. कर्नाळ्याचं जंगल छोटं. एका बिबट्यालाही पुरत नाही. बिबट्यांना माथेरानकडच्या डोंगरात जायचं तर मध्ये हायवे, गोदामं, कॉलन्या. लपून जायला उरलेत ते ओढे. "तुमच्या प्लॅनमधली ही भिंत बांधलीत की हा ओढा बंद," तिने बोट ठेवलं.

जगनशेठनी दोन दिवस कुरकुर केली. तिसऱ्या दिवशी भिंत रद्द. विहिरीला कठडा बांधला, ओढ्याकाठची वीस फुटांची पट्टी रानाला सोडली, आणि ती पट्टी ते आता गिऱ्हाइकांना अशा थाटात दाखवतात, जणू स्विमिंग पूल दाखवतायत. उघड्यावर कचरा टाकणाऱ्याला, कुत्री मोकळी सोडणाऱ्याला प्लॉट देत नाहीत. दोघेजण बिबट्याचं ऐकून परत गेले. त्यांना जगनशेठनी स्वतः हायवेपर्यंत सोडलं. नऊ नंबर आम्ही घेतला.

अनुयाने ओढ्यावर एक कॅमेरा लावलाय, समोरून काही गेलं की फोटो काढणारा. पहिल्या महिन्यात एकशे बारा फोटो आले. एक साळिंदर, तीन मुंगसं, आणि एक्क्याण्णव जगनशेठ, कॅमेरा चालतो का ते वाकून बघताना. बाकी सगळं वाऱ्याने हललेलं गवत. दुसऱ्या महिन्यात अनुयाने त्यांना ओढ्याकडे फिरकायला बंदी केली. तेव्हा कुठे पहाटे पाच वाजून सात मिनिटांनी ती मोठी मादी दिसली, मागे एक पिल्लू घेऊन.

फोटो कोणाला पाठवायचा नाही, नाहीतर गर्दी होईल, असं अनुयाने बजावलं. जगनशेठनी तो कोणालाही पाठवला नाही. फक्त रोज संध्याकाळी कंटेनरचं दार लावून तो स्वतः बघतात आणि जनीताईंना विचारतात, "पोरगं आईवर गेलंय ना?"