आत्यानं तपासलेलं नाव

माझ्या धाकट्या भावाला बऱ्याच वर्षांनी मुलगा झाला. तो बाळकुमला राहतो, मी डोंबिवलीत. शाळेत संस्कृत शिकवते. बाळाच्या कानात नाव सांगण्याचा मान आत्याचा, त्यात आत्या संस्कृतची बाई. तेव्हा नाव मीच सुचवणार, हे मी धरूनच चालले होते.

हॉस्पिटलात बाळ मांडीवर घेतलं, तोच भावजय म्हणाली, "ताई, नाव ठरलं बरं का. रेयांश! सूर्याचा पहिला किरण. माझ्या बहिणीनं शोधलं."

तिची बहीण उशाशीच बसली होती. ऑफिसमधून सुट्टी काढून आठवडाभर मुक्कामाला आलेली. बाळ रडायला लागलं तसं तिनं ते अलगद माझ्याकडून घेतलं आणि ते लगेच गप्प झालं. मी "छान आहे नाव" म्हटलं. मनात नुसती आग पेटली होती.

घरी आले आणि पर्स खांद्यावर असतानाच शब्दकोश उघडला. किरण या अर्थाचा 'रेय' कुठेच सापडेना. दुसरा कोश पाहिला, त्यातही नाही. नावांच्या चार वेबसाइटी पाहिल्या. चारही ठिकाणी तेच वाक्य, जसंच्या तसं. मला इतका आनंद झाला की मी जेवण गरम करायचंही विसरले. लगेच भावाला फोन लावला.

"अरे, संस्कृतात किरणाला रश्मी म्हणतात, मयूख म्हणतात. 'रे' हा इंग्रजीतला किरण दिसतोय. त्याला कुणीतरी अंश चिकटवलाय."

"बरं झालं सांगितलंस, ताई. मग बदलूच आपण."

आता तो म्हणेल, तूच सुचव. मी मनात ठरवलेलं नाव ओठांवर तयार होतं.

"हिच्या बहिणीला दुसरं बघायला सांगतो," तो म्हणाला. "तू फक्त तपासून दे. तुझ्यासारखं कोण तपासणार!"

दुसऱ्या दिवसापासून तिचे मेसेज सुरू झाले. 'सॉरी ताई, मी अर्थ नीट बघायला हवा होता. हे चालेल का?' मी एकेक नाव उडवत गेले. एकाचा अर्थ भलताच निघाला, एकाला अर्थच नव्हता. नाही लिहिताना मला बरं वाटायचं. ती मात्र दर वेळी 'थँक्यू ताई' लिहून पुढचं पाठवायची.

आणि एका दुपारी, मी स्टाफरूममध्ये डबा खात असताना, तिनं पाठवलं: 'अन्वय'.

घास हातातच राहिला. अन्वय म्हणजे संबंध, अन्वय म्हणजे वंशही. इतक्या उशिरा मूल झालेल्या घरात याहून चांगलं नाव कुठलं असणार? वर्षानुवर्षं मी फळ्यावर 'श्लोकाचा अन्वय करा' लिहीत आले होते, आणि ते नाव सुचलं कुणाला, तर दहावीनंतर संस्कृतचं पुस्तकही न उघडलेल्या मुलीला! यातही खोट काढावी असं वाटलं. 'जरा जड वाटतं' असं टाइपही केलं. मग ते पुसलं आणि लिहिलं, 'अर्थ बरोबर आहे. नाव सुंदर आहे.'

त्यावर तिनं हसऱ्या चेहऱ्यांची रांगच पाठवली. मी फोन पालथा ठेवला.

बारशाला मी पाळण्यात वाकून बाळाच्या कानात ते नाव सांगितलं. पाठीवर बायकांच्या थापा पडल्या, हसणं-खिदळणं झालं. घुगऱ्या वाटताना शेजारच्या काकूंनी विचारलं, "नाव फार गोड आहे हो. कुणी शोधलं?"

"माझ्या बहिणीनं," भावजय म्हणाली. "आणि ताईंनी चेक केलं."

काकू उठून त्या बहिणीचं कौतुक करायला गेल्या. मी घुगऱ्यांचं पातेलं उचलून पुढच्या रांगेकडे वळले.