विहिरीत न सापडलेल्या बांगड्या

तो मुकदमा अजून माझ्या डोक्यातून जात नाही. निजाम सरकारच्या अमलात मी नेकनूरच्या बाजूला एका ठाण्याचा अमीन, म्हणजे फौजदार, होतो. जमादारीतून वर चढलेला माणूस. उर्दू कागद लिहायला मला मुन्शी लागायचा. नावं कुणाचीच घेणार नाही.

एका बड्या जमीनदाराची सून विहिरीत मेली. पाणी शेंदताना पाय घसरला, असं पाटलानं कळवलं. मी प्रेत पाहिलं, पंचांचे अंगठे घेतले. कपाळावर खोक होती, ती विहिरीच्या दगडाची धरली. हातांत बांगडी नव्हती. ते डोळ्यांना दिसलं, डोक्याला दिसलं नाही.

दुसऱ्या दिवशी शिरूरची कासारीण माझ्या घरी आली. मी जेवत होतो. बायकोनं ताट बाजूला सरकवलं.

"आधी हिचं ऐका."

"जेवू तर दे."

"पोर मातीत गेली अन् तुमास्नी भाकरीची घाई!"

माझी बायको अशीच होती. गेली, त्याला सहा महिने झाले. घर खायला उठतं. ती नसती तर हा मुकदमाच झाला नसता, म्हणून तिचं आधी लिहितो.

कासारीण म्हणाली, "सायेब, काल सकाळीच म्या त्या पोरीला चुडा भरला. तिरडीवर पायलं तर हात मोकळं. लई घट्ट. तेल लावून बसवला. त्यो पान्यात गळत न्हाई. फुटला म्हना, तर काचा हिरीत पायजेत."

दोन मोटा लावून विहीर उपसली. दोन दिवस गेले. गाळ पाटी-पाटीनं चिवडला. शिपाई आपसांत हसत होते, "अमीनसाहेबांनी कासाराचा धंदा धरला." एक काच मिळाली नाही. मग घराची झडती घेतली. गोठ्यामागच्या उकिरड्यात हिरव्या काचा निघाल्या. कासारणीनं लगेच ओळखल्या. "ह्यो घाट नवा हाय. एकच चुडा आणलाता, तिच्याचसाठी."

त्या घरच्या सालगड्याला ठाण्यात बसवलं.

"काय बे, काचा कुणी टाकल्या?"

"म्या झाडून टाकल्या."

"कुठनं झाडल्या?"

तो बोलला, "गोठ्यातनं." पुढं तोंड मिटलं. जमादार म्हणाला, दोन लावू का? मी नको म्हणालो. मारून बोललेला माणूस अदालतीत फिरतो.

सासऱ्याला धरलं, अदालतीत खटल्याचं चलान पाठवलं. तो जमानतीवर सुटला आणि सगळ्या गावासमोर महादेवाच्या देवळात त्यानं बेलभंडार उचलला, मी निर्दोष आहे म्हणून. आमच्याकडं त्या शपथेच्या वर काही नाही. मुलीच्या बापानं राजीनाम्यावर, म्हणजे तक्रार मिटल्याच्या कागदावर, अंगठा दिला. मुलीची आई ठाण्यात आली. "माज्या नवऱ्यानं अंगठा दिला. म्या न्हाई दिला. माजं कोन ऐकतं?"

मी म्हणालो, "आई, मुकदमा आता खारीज होणार. घरी जा." हे लिहायला लाज वाटते, पण म्हणालो.

ती घरी गेली नाही. पेशीच्या तारखेला अदालतीच्या ओट्यावर येऊन बसली. सासऱ्याच्या वकिलानं अर्ज दिला : कुणी पाहिलेलं नाही, बापाची तक्रार नाही, सुनावणीआधीच मुकदमा खारीज व्हावा.

न्यायाला बसलेल्या हाकीमसाहेबांनी विचारलं, "साक्षीदार किती बोलले?"

"अजून एकही नाही, हुजूर."

"मग कुणी पाहिलं नाही, हे तुम्ही कुणाला विचारलं?"

हाकीमसाहेब उर्दूत पुढं बोलले, त्याचा मतलब असा : कागदावर काहीच नसतं तर आजच सोडलं असतं, माणसाला उगाच खेटे घालायला लावणं हाही जुलूमच. पण इथं काचा आहेत, गड्याचा जबाब आहे. ते खरं की खोटं, हे ऐकल्यावर ठरेल. आणि खून म्हणजे बांधाचं भांडण नव्हे, बापानं मिटवायला. अर्ज नामंजूर.

सुनावणीत वकील कासारणीवर घसरला. "हिरव्या बांगड्या सगळ्या सारख्याच!"

"वकीलसायेब, तुमच्या मंडळींच्या हातात आज कंच्या हायत?"

सगळी कचेरी हसली. "मला इचारा, म्या भरल्यात," ती म्हणाली.

तिचा धीर पाहूनच गड्याला कंठ फुटला असावा. गोठ्यातली किंकाळी, मालकाच्या हातातला दांडा, विहिरीकडं नेलेलं प्रेत, सगळं त्यानं सांगितलं. शेवटी आई बोलली. सासऱ्याला जन्मठेप झाली.

मी कागद बघून माणूस ओळखणारा. त्या हाकीमसाहेबांनी मला शिकवलं की कागद फक्त दार दाखवतो. आत जाऊन ऐकावं लागतं. त्यांचे, कासारणीचे आणि त्या आईचे उपकार मी विसरणार नाही.

निकालानंतर आई बाहेर भेटली. मी विचारलं, "सजा कळली का?"

"ते तुमी बगा, सायेब. मला बोलू दिलं. मधी कुनी गप म्हनलं न्हाई."

मी टाचा जुळवून तिला सलाम ठोकला. शिपाई बघत राहिले. सबंध नोकरीत हुकुमाशिवाय ठोकलेला माझा तो एकच सलाम.