साडेनऊचे दोन मिस्ड कॉल

सकाळी साडेनऊला चहाची सुट्टी झाली की कंपनीतल्या आमच्या प्रेस शॉपमधली सगळी माणसं कँटीनकडं पळायची आणि मी एकटा उलट्या दिशेनं, लॉकरकडं. मशीनवर मोबाईल न्यायची परवानगी नव्हती. सातला लॉकरात कोंडलेला फोन साडेतीनला सुटायचा. मधे फक्त चहाची दहा मिनिटं आणि जेवणाचा अर्धा तास. त्या दहा मिनिटांत मला एवढंच बघायचं असे, की स्क्रीनवर दोन मिस्ड कॉल आहेत का. पहिला म्हणजे ‘पप्पा, मी उठले.’ दुसरा म्हणजे ‘कुलूप लावते, शाळेत निघाले.’ दोन दिसले की जिवात जीव यायचा. तोवर चहा संपलेला असे. त्या वर्षात मी कंपनीचा सकाळचा चहा फारसा प्यायलोच नाही.

बायको गेली तेव्हा मुलगी सहा वर्षांची होती. साधा ताप म्हणून दवाखान्यात नेलं आणि आठ दिवसांत होत्याचं नव्हतं झालं. नंतर जो तो मला दोनच गोष्टी सांगायचा: दुसरं लग्न करा, नाहीतर पोरगी आजोळी ठेवा. तिसरी गोष्ट कुणाला सुचत नव्हती. भाड्यानं खोली बघायला गेलो तर आधी विचारायचे, “घरात बाईमाणूस कोण आहे?” मी मुलीकडं बोट दाखवायचो. लोकांना वाटायचं मी थट्टा करतोय. शेवटी मुकुंदवाडीत एका काकूंनी त्यांच्या घराच्या वरच्या दोन खोल्या दिल्या. मी सहाच्या बसनं वाळूजला निघालो की काकू तिला उठवून शाळेत पाठवायच्या आणि दुपारी एकला ती आली की मी येईपर्यंत स्वतःजवळ बसवायच्या. साहेबाच्या हातापाया पडून मी कायमची पहिली शिफ्ट मागून घेतली होती. चौथीत गेल्यावर मुलगी म्हणाली, “काकूंचे गुडघे दुखतात. मी माझी उठते.” तेव्हापासून हे मिस्ड कॉल सुरू झाले. मी तिच्यासाठी एक साधा बटनांचा फोन घेतला. शाळेत न्यायचा नाही, कुलूप लावायच्या आधी दुसरा कॉल द्यायचा आणि फोन फळीवर ठेवायचा, असं ठरलं.

मी मुळातच उतावळा माणूस. बायको असताना मला चहा उकळेपर्यंत धीर धरवायचा नाही. मीच जाऊन गॅस बंद करायचो. ती म्हणायची, “उकळू द्या हो जरा. उतावळा नवरा अन् गुडघ्याला बाशिंग.” ती गेल्यावर हा उतावळेपणा मुलीच्या वाट्याला आला. तिची वेणी मी अर्धवट घालायचो, दप्तर मीच भरायचो, ती खाली बुटाची लेस बांधत असे तेव्हा मी दारात उभा राहून चुळबुळत असे. आई नसलेल्या मुलीचा बाप शांत असतो की नाही, मला माहीत नाही. मी तरी नव्हतो. मशीनवर पत्रा दाबताना डोळ्यांसमोर गॅसचं बटण यायचं, रेल्वेचं फाटक यायचं, उघडं राहिलेलं दार यायचं.

त्या दिवाळीत आम्ही जालन्याला, तिच्या आजोळी गेलो होतो. सासूबाईंनी जेवणं झाल्यावर विषय काढला.

“पाव्हणं, पोरीची जात हाय. तुमी पहाटंच निघून जाता. तिच्याकडं बघायला कोन हाय तिथं? इथं ठिवा तिला. मामा हाय, मामी हाय, शाळा बी हाय.”

मेहुणा म्हणाला, “दाजी, आई बोलती त्यात काय चूक हाय का?”

त्यांचं चूक नव्हतं, तोच तर घोळ होता. अशा वेळी मी घाईनं काहीतरी बोलून बसतो. मी म्हणालो, “वार्षिक परीक्षेपर्यंत बघा. तोवर एकदा जरी पोरीची आबाळ झाली, एकदा जरी मला ती सांभाळता नाही आली, तर मीच तिला आणून सोडीन. शब्द देतो.” मुलगी तिथंच पलंगावर भिंतीकडं तोंड करून पडली होती. झोपली आहे असं आम्ही समजलो.

फेब्रुवारीतली एक सकाळ. काकू लेकीच्या बाळंतपणासाठी गेल्याला चार दिवस झाले होते. म्हणजे मुलगी शाळेतून आल्यावर मी येईपर्यंत एकटीच घरात असे. हे मी जालन्याला कळवलं नव्हतं. साडेनऊला लॉकर उघडला. स्क्रीन कोरी. एकही मिस्ड कॉल नाही.

तिच्या फोनवर लावला. वाजत राहिला. ती शाळेत असेल तर वाजतच राहणार, हे मला कळत होतं. पण ती शाळेत नसेल तरीही असाच वाजेल, हेही कळत होतं. शाळेच्या ऑफिसात लावला. कारकून म्हणाला, “वर्गात शिपायाला पाठवतो. दहा मिनिटांनी करा.”

दहा मिनिटं! माझ्याकडं सगळी सुट्टीच दहा मिनिटांची, त्यातली चार गेलेली. शेजारच्या मशीनवरचा दोस्त चहाचे दोन कप घेऊन माझ्याकडं आला. “कायकू टेन्शन लेता भाई? गई होगी ना स्कूल,” तो म्हणाला. त्याचं ऐकायला हवं होतं. मी त्या उरलेल्या सहा मिनिटांत जालन्याला फोन केला.

“पोरीचा फोन नाय आला आज. तुमच्याकडं केला होता का?”

मेहुणा म्हणाला, “नाय. काकू काय म्हनत्यात?”

“काकू गावाला गेल्यात.”

“कधीपासून?”

मी सांगितलं. “निघालोच आमी,” तो म्हणाला आणि फोन ठेवला. तेव्हा कुठं मला कळलं, मी काय करून बसलो ते.

दोस्ताच्या मोटरसायकलची किल्ली घेतली, गेटपासवर साहेबाची सही घेतली आणि पळालो. गेटवरचा वॉचमन हात वर करून ओरडत होता, “ओ, थांबा, थांबा की!” त्याला रजिस्टरमध्ये वेळ लिहून हवी असेल. “उद्या करतो सही!” असं ओरडून मी गाडी काढली. नगर नाका, क्रांती चौक, सेव्हन हिल, एकही सिग्नल मला लवकर सुटल्यासारखा वाटला नाही. सिडकोपाशी एका रिक्षावाल्यानं शिवी दिली. मीही दिली.

घराला कुलूप होतं. माझ्याजवळच्या किल्लीनं उघडलं. अंथरूण घडी घातलेलं, ताट धुतलेलं, फोन फळीवर. तसाच शाळेकडं पळालो. चौथीच्या वर्गाच्या खिडकीतून बघितलं तर ती तिसऱ्या बाकावर बसून फळ्यावरची गणितं उतरवत होती. तिनं मला बघितलं. तिला आनंद झाला नाही. तिचा चेहरा एकदम उतरला. बाई तिला घेऊन दारात आल्या तेव्हा तिनं एकच विचारलं, “पप्पा, चिठ्ठी नाय मिळाली का?”

“कसली चिठ्ठी?”

ती वर्गात जाऊन बसली. मला वाटलं, शाळेनं पालकांना काही चिठ्ठी दिली असेल.

घरी येऊन फळीवरचा फोन बघितला तर उलगडा झाला. रिचार्जची मुदत आदल्या दिवशी संपली होती. फोन येत होता, जात नव्हता. मिस्ड कॉलला पैसे पडत नाहीत, म्हणून त्या फोनला रिचार्ज लागतो हे माझ्या डोक्यातूनच गेलं होतं. तिनं दोन्ही कॉल वेळेवर लावले होते. फोनच्या यादीत दिसत होते. स्वतःचा असा राग मला पूर्वी कधी आला नव्हता. मेहुण्याला फोन लावत सुटलो. पण तो गाडीवर, फोन खिशात.

एक वाजता ती शाळेतून आली तेव्हा दारात आजीच्या चपला होत्या. सासूबाई भांडल्या नाहीत. भांडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या एवढंच म्हणाल्या, “पाव्हणं, शब्द तुमचाच हाय. म्या काय मागितला नव्हता.”

मी रिचार्जचं सांगितलं. मेहुणा म्हणाला, “दाजी, आज रिचार्ज, उद्या आनखी कायतरी. चार दिवस पोरगी एकटी हाय अन् तुमी सांगितलं बी नाय.”

मुलीनं विचारलं, “शाळेचं कसं?” मामा म्हणाला, “करू तिथं. आधी चल तरी.” तिनं स्वतःचं दप्तर स्वतः भरलं. मी मधे हात घातला नाही, पहिल्यांदाच. मामाच्या गाडीवर मधे बसून ती गेली, मागं आजी. कोपऱ्यावर वळताना तिनं मागं बघितलं नाही. मी जिन्यात बसून राहिलो. मग उठलो, मग पुन्हा बसलो. संध्याकाळभर हेच चाललं होतं.

दुसऱ्या दिवशी दोस्ताची गाडी घेऊन कंपनीत गेलो. गेटवर वॉचमननं मला अडवलं आणि रजिस्टरच्या पुठ्ठ्याखालून वहीचा घडी घातलेला कागद काढला.

“काल बोंबलत होतो की तुमच्या नावानं. जनरल शिफ्टच्या बसमधून एकानं आणून दिलं. म्हणे बस थांबते त्या कोपऱ्यावर एक लहान पोरगी उभी होती. आपल्या कंपनीची पाटी वाचून ड्रायव्हरला हात दाखवला तिनं. जेवणाच्या सुट्टीत तुमच्याकडं आत पाठवणार होतो, तर तुम्हीच सुसाट.”

कागदावर वर माझं नाव आणि ‘प्रेस शॉप’ असं लिहिलं होतं. खाली तिच्या गोल अक्षरात होतं:

‘पप्पा, फोन लागत नाही. मी उठले. दूध पिले. कुलूप लावलं. शाळेत चालले. घाबरू नका. जालन्याला फोन करू नका.’

म्हणजे दिवाळीत ती झोपलेली नव्हती. चार महिने तिनं ते एकटीनं मनात ठेवलं होतं. रोज सकाळी दोन कॉल देताना तिला माहीत होतं की ती कशासाठी देतेय. मी तिची काळजी करत होतो आणि ती माझ्या उतावळेपणाची. मी गेटवरच रडलो. वॉचमननं त्याची खुर्ची पुढं सरकवली.

त्या दिवशी मी गेटपास काढला नाही. शिफ्ट पुरी केली, बसनं मुकुंदवाडीला उतरलो आणि तिथूनच जालन्याची एसटी धरली. सासूबाईंना वाचता येत नाही. मी कागद मेहुण्याच्या हातात दिला. त्यानं मोठ्यानं वाचला, शेवटच्या ओळीला त्याचा आवाज जरा खाली गेला. मुलगी आतल्या दाराच्या चौकटीला धरून उभी होती.

सासूबाई पदराचं टोक पिळत म्हणाल्या, “पाव्हणं, ह्या पोरीला मी इथं ठिवलं तर तुमच्याकडं कोन बघंल?”

मेहुणा हसला. मग सगळेच हसले. मी सोडून. सासूबाईंनी एक अट मात्र घातली, काकू परत येईपर्यंत त्या स्वतः आमच्याकडं येऊन राहणार. मी व्हय म्हणालो. त्या म्हणाल्या, “व्हय म्हनायची बी लई घाई तुमाला.”

परतीच्या एसटीत मुलीनं खिडकीजवळची जागा घेतली. बदनापूर आल्यावर म्हणाली, “पप्पा, मी शाळेत नाय हे कळल्याशिवाय जालन्याला फोन करायचा नाय. शाळेत करा. ते दहा मिनिटं थांबा म्हणले तर थांबा.” मी मान हलवली. “मान नका हलवू, बोला,” ती म्हणाली. बोललो.

परीक्षा झाली, ती पाचवीत गेली. फोनच्या रिचार्जची तारीख मी लॉकरच्या दारावर आतून चिकटवली आहे. परवाची गोष्ट. साडेनऊला लॉकर उघडला तर एकच मिस्ड कॉल. उठल्याचा होता, निघाल्याचा नव्हता. शाळेत फोन लावला. तोच कारकून, तेच वाक्य. मी थांबलो. सुट्टी संपल्याची घंटा झाली तरी लॉकरसमोर उभा. सुपरवायझर आला, तोंड सोडून बोलला. हाताची बोटं जालन्याच्या नंबरावर तीनदा गेली. बारा मिनिटांनी कारकून म्हणाला, “आहे की वर्गात. द्यायचा का निरोप?” नको म्हणालो.

साडेचारला घरी पोचलो तेव्हा ती काकूंकडून वर आली.

“दुसरा कॉल विसरलीस का आज?”

“विसरले नाय,” ती म्हणाली. “मुद्दामच नव्हता दिला. जालन्याला केला का?”

“नाही.”

“मग झालं.”

मला रागही आला आणि रडूही आलं; दोन्हींपैकी काय करावं ते कळेना. तिनं पातेलं घेतलं, माझ्यासाठी चहा टाकला. रंग यायच्या आतच मी गॅस बंद करायला उठलो.

“पप्पा,” ती म्हणाली, “उकळू द्या जरा.”

मी खाली बसलो.