डीकन डेल आणि गॅडीचा दात

त्या हिवाळ्यात डेल्विन मेब्री माझ्या सलूनमध्ये पाऊल टाकायचा आणि बोलणी जागच्या जागी थांबायची. ज्याचे केस कापत असेन तो आरशातून त्याच्याकडे बघत राहायचा.

आधी असं नव्हतं. दक्षिण मेम्फिसमध्ये त्याच्याइतका लाडका रॅपर दुसरा नव्हता. दिवसभर टायरच्या दुकानात चाकं बदलायची आणि संध्याकाळी जार्व्हिसच्या घरी, कपडे धुण्याच्या मशीनशेजारी बसून गाणी रेकॉर्ड करायची. ताल जार्व्हिसचा, शब्द डेल्विनचे. कॅसेटा दोघं गाडीच्या डिकीतून विकायचे. चर्चचं काम बघणाऱ्या म्हाताऱ्या डीकनांसारखा डेल्विन सावकाश, घोगऱ्या आवाजात बोलायचा, म्हणून पोरांनी त्याला डीकन डेल करून टाकलं होतं.

तिसऱ्या कॅसेटवर त्यानं गॅडीचं गाणं केलं. गॅडी आमच्याच गल्लीतला. नाताळाच्या आधी कुणीतरी त्याला गोळी घालून रेल्वेच्या पुलाखाली टाकून दिलं होतं. मी गाणं सलूनमध्ये लावलं. सगळे माना डोलावत होते, तेवढ्यात या ओळी आल्या:

ओठ त्याचे मिटले कुणी, हसू गेलं कुठं?
सोन्याचा दात ज्याच्या खिशात, तोच बोलतो खोटं.

"पुन्हा लाव," खुर्चीत बसलेला जार्व्हिस म्हणाला. ताल त्याचाच होता, पण या ओळी त्यानं नीट ऐकल्याच नव्हत्या.

गॅडीचा पुढचा दात सोन्याचा होता आणि तो दाखवण्यासाठीच तो हसायचा. अंत्यविधीला आम्ही झाडून सगळे गेलो होतो, पण शवपेटीत त्याचं तोंड घट्ट मिटलेलं. दात गेलाय हे आम्हाला कुणालाच ठाऊक नव्हतं. पोलिसांना ठाऊक होतं आणि खरा खुनी ओळखता यावा म्हणून त्यांनी ते मुद्दाम दडवून ठेवलं होतं. गाणं आलं त्याच आठवड्यात टायरच्या दुकानासमोर एक निळी गाडी येऊन उभी राहू लागली. आत दोन माणसं, खिडक्या बंद.

मग गल्लीत कुजबुज सुरू झाली. कुणी म्हणे, गॅडीला मारलं तेव्हा डेल्विन तिथं होता. कुणी म्हणे, तो पोलिसांचा खबऱ्या आहे, त्यांच्याकडूनच त्याला कळलं. आमच्याकडे दुसरा आरोप पहिल्याहून वाईट.

जार्व्हिसनं त्याला माझ्यासमोरच गाठलं. "दाताचं तुला कुणी सांगितलं?"

"कळलं मला."

"वाऱ्यानं येऊन सांगितलं का?"

"सोड ना, भावा."

"सोडलं. तू पण माझं घर सोड. उद्यापासून येऊ नकोस."

डेल्विन दार ढकलून बाहेर पडला. त्याच्या त्या टाळाटाळीनं माझाही विश्वास डळमळला.

कॅसेटा मात्र धडाधड खपू लागल्या. अटलांटाहून रेकॉर्ड कंपनीचा एक माणूस आला, प्रॉक्टर नावाचा. माझ्याच सलूनच्या दारात उभं राहून त्यानं डेल्विनच्या खांद्यावर हात टाकला. "खरं काय ते मला नको सांगू, कुणालाच नको सांगू. लोकांना घाबरू दे. बाकीचं मी बघतो." डेल्विननं मान हलवली. ती होकाराची होती की नुसतीच, हे मला आजही सांगता येणार नाही.

पुढच्या शनिवारी, सलून खच्चून भरलेलं असताना, त्याची आई आत आली. मिस अर्नेस्टीन, सगळे तिला आदरानं असंच म्हणत. फ्युनरल होममध्ये मेलेल्यांचे केस आणि चेहरे नीट करायचं काम ती करायची. डोक्यावर चर्चची हॅट.

"रेडिओ बंद कर," ती मला म्हणाली. मी केला.

"गॅडीचं तोंड मी या हातांनी मिटवलं. दाताची जागा मला दिसली. घरी जाऊन रडत बसले, पोरानं विचारलं, मी सांगून टाकलं. तिथलं बाहेर बोलायची आम्हाला बंदी आहे. माझी नोकरी जाईल म्हणून हा तोंडाला कुलूप लावून बसलाय, आणि तुम्ही त्याला वाळीत टाकलंत!"

जार्व्हिस भिंतीला टेकून उभा होता. "मिस अर्नेस्टीन, राग नका मानू. पण पोराला वाचवायला आई काहीही सांगेल."

"तुझी आजी गेली तेव्हा तिचे केस मीच विंचरले होते, बाळा. तेव्हा बरा माझ्यावर विश्वास होता!"

जार्व्हिसनं टोपी काढली, पण मान खाली घातली नाही.

सोमवारी तिची नोकरी गेली. प्रॉक्टरचा फोन पुन्हा आलाच नाही. आईकडून ऐकून गाणं लिहिणाऱ्या रॅपरला कोण घाबरणार?

वसंतात नदीपलीकडचा एक माणूस पकडला गेला, दात त्याच्या घरीच सापडला. कुणीतरी नाव न सांगता पोलिसांना फोन केला होता म्हणे. झालं, गल्लीतली तोंडं पुन्हा डेल्विनकडे वळली.

पुढे जार्व्हिस त्याच्याकडे परत आला. दोघांनी आणखी बऱ्याच कॅसेटा केल्या. मेम्फिसबाहेर त्या फारशा गेल्या नाहीत, पण इथं अजून वाजतात. डेल्विननं टायरचं स्वतःचं दुकान टाकलं आणि मागच्या खोलीत मिस अर्नेस्टीन जिवंत बायकांचे केस करू लागली. जार्व्हिस त्याच्याशी तालाबद्दल तासन्‌तास बोलतो. स्वतःच्या घरातलं मात्र एक अक्षर काढत नाही.

एकदा सलूनमध्ये दुसरं कुणी नव्हतं. डेल्विनची दाढी करता करता मी विचारलं, "तो फोन तू केला होतास का रे?"

त्यानं डोळे उघडले आणि आरशातून माझ्याकडे बघितलं. "तू विचारतोयस, की तुला कुणी विचारायला सांगितलंय?"

मी त्याच्या गालाला फेस लावत राहिलो. तो गेला तेव्हा मी दारापर्यंत आलो, आणि त्याची गाडी कोपऱ्यावरून दुकानाकडे वळते की पोलीस ठाण्याकडे, ते बघत उभा राहिलो.