तुडवायचं गवत

मार्चमध्ये एनिड गेली. दफनानंतर माणसं चहाला घरी आली तेव्हा पाऊस पडत होता. फाटकापासून दारापर्यंत हिरवळीतून जेमतेम दहा पावलं. पण काळ्या कोटातली सगळी माणसं कडेच्या पायवाटेने, एकामागे एक, भिजत, वळसा घालून आली. एनिडचा नवरा क्लिफर्ड एंटविसल खिडकीतून बघत राहिला. चाळीस वर्षं त्याने तिथे नाजूक फेस्क्यू गवत जोपासलं होतं, मखमलीसारखं, आणि पाय ठेवू पाहणाऱ्या प्रत्येकाला हटकलं होतं. एनिडसुद्धा फाटकाशी जायची ती वळसा घालूनच.

आता घरात कुणी यावं, सरळ चालत यावं, एवढंच त्याला हवं होतं.

सप्टेंबरात, माती उबदार होती तोवर, त्याने सगळं फेस्क्यू खणून काढलं आणि दुकानात जाऊन राय गवताचं बियाणं मागितलं.

"राय? तुम्ही?" दुकानदार हसला. "अहो, ते पोरांच्या फुटबॉलच्या मैदानाला लावतात."

"तुडवलं तरी टिकतं ना?"

"गाढव लोळलं तरी."

"मग तेच दे."

निम्मं बी त्याने उभं फेकलं, निम्मं आडवं, दाताळ्याने मातीत मिसळलं, पायांनी दाबलं. आठव्या दिवशी कोंब दिसले. ऑक्टोबर संपेपर्यंत दोनदा कापून झालं, गवत दाट भरलं. मग तो दारात उभा राहू लागला.

पोस्टमन वळसा घालून आला. शेजारची मॉरीन डक्सबरी सफरचंदाचा केक घेऊन आली आणि पायवाटेकडे वळली.

"मॉरीन, अशी सरळ ये. गवतावरून."

"छे, बुटांना चिखल आहे."

"असू दे. त्याच्यासाठीच लावलंय."

"हो का? आणि उद्या गल्लीभर सांगाल, मॉरीनच्या टाचांनी खड्डे पाडले म्हणून. मागे सांगितलं होतंत, मिस्टर एंटविसल."

त्याला ते आठवतही नव्हतं. "चहा टाकतो," तो म्हणाला.

"बस चुकेल माझी," म्हणत तिने केक हातात दिला आणि आली तशीच वळसा घालून गेली.

दुसऱ्या दिवसापासून तो स्वतःच रोज सकाळी चिखलाच्या बुटांनी फाटक ते दार, दार ते फाटक सरळ चालू लागला. ठसे दिसले तर कुणाला धीर होईल. पण गवत चिवट होतं. दुपारपर्यंत पुन्हा ताठ उभं राहायचं.