गोठ्यातलं पार्श्वसंगीत

परदेशात राहून मी सिनेमांना आणि टीव्ही मालिकांना पार्श्वसंगीत देतो. मालिका बहुतेक खुनाच्या. दार उघडण्याआधी प्रेक्षकाच्या पोटात गोळा यावा, ही माझी जबाबदारी. दारामागे काय ठेवायचं ते दुसरा बघतो. कामाला तोटा नाही. कुणाला घाबरवायचं असलं की लोक मला फोन करतात.

आमच्या उचगावात मात्र याला काम म्हणत नाहीत. सुट्टीवर आलो की गल्लीतलं कुणीतरी मुद्दाम विचारतंच, "काय पावणं, तुमचं गाणं कुठलं?" गाणं नाही म्हटलं की तो माझ्या वडिलांकडे, आबांकडे बघतो. आबा म्हशींकडे बघतात.

इतक्या वर्षांत आबांनी माझ्या कामाबद्दल बरं-वाईट एक अक्षर काढलं नव्हतं. केस पिकलेल्या माणसानं बापाच्या शाबासकीसाठी झुरणं हास्यास्पद आहे. मी झुरत होतो. या खेपेला ठरवूनच आलो होतो की आबांना माझं संगीत ऐकवायचं आणि त्यांच्या तोंडून काहीतरी काढून घ्यायचं.

पहिल्या संध्याकाळी त्यांना टीव्हीपुढं बसवलं. भाग सुरू झाला आणि माझी शीर्षकधून वाजायच्या आत वहिनीनं रिमोटचं बटण दाबून ती ओलांडली. "खरी गोष्ट फुडं असतीया," ती म्हणाली. पुढचे दोन खून आबांनी शांतपणे पाहिले. संपल्यावर मी विचारलं, "संगीत कसं वाटलं?"

"वाजलं व्हय?"

आमच्या धंद्यात ही दाद समजतात. संगीत जाणवलं नाही म्हणजे ते नीट बसलं. अंथरुणावर पडून मी हे स्वतःला बराच वेळ समजावलं. उपयोग झाला नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी आबाच म्हणाले, "असं बसून मला काय कळत न्हाय. गोठ्यात लाव."

धार काढताना गोठ्यात त्यांचा रेडिओ चालू असतो. भजन, बाजारभाव, शेतीच्या गप्पा, काहीही चालतं. रोजचा आवाज कानावर पडला की म्हैस पान्हवते, नाहीतर दूध चोरते. त्यामुळे तिथं वाजणाऱ्या प्रत्येक गोष्टीवर म्हशीचं मत घेतात आणि आबा ते मान्य करतात. एका नव्या निवेदकाला तिनं नापास केल्यापासून आमच्याकडे त्या वेळी दुसरं केंद्र लागतं.

संध्याकाळच्या धारेला मी फोन गव्हाणीच्या कडेवर ठेवला. खून वगळून नुसतं संगीत. व्हायोलिनचा एक लांब सूर आणि खाली मंद ठोके. आबांनी कासेला हात लावला. म्हशीनं पेंडीच्या घमेल्यातून तोंड वर काढलं, कान मागं टाकले आणि चघळायची थांबली. सडातून थेंब येईना. इतका प्रामाणिक प्रेक्षक मला आजवर मिळाला नव्हता आणि तो दूध द्यायला तयार नव्हता.

"भ्यालीया," आबा म्हणाले.

मला मनापासून आनंद झाला. "बरोबर हाय की आबा. भ्या वाटायलाच पायजे."

"ह्ये कोण सांगतंय तुला, आसं वाजीव म्हणून?"

"कुणी न्हाय. ते नुसता सीन दाखवत्यात. सूर माझं मीच काढतो."

"म्हंजे तुझ्या आतनंच येतंय की."

"व्हय."

आबांनी बादली बाजूला सारली आणि गुडघ्यावर हात टेकून उठले. फोनपाशी उभे राहून थोडा वेळ ऐकलं. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "तिकडं बरा हाईस न्हवं तू?"

याच सुरांसाठी लोकांनी मला शाबासकी दिली होती, पुढची कामं दिली होती. ते सूर मी रिकाम्या घरात, दिवसचे दिवस कुणाशी न बोलता काढले होते. हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. बरा आहे, असं सांगायला तोंड उघडलं आणि रडू आलं. भर गोठ्यात, म्हशीदेखत.

आबांनी मला गप्प केलं नाही. डॉक्टर खोकला ऐकतो तशी मान वाकवून ते ऐकत राहिले. धून संपली. म्हैस पुन्हा पेंडीकडे वळली, पण ते धारेला बसले नाहीत.

"परत लाव," ते म्हणाले. "पयल्यापासनं."