दीड मीटरवरून काढलेली दृष्ट

नेदरलँड्समधल्या हार्लेमच्या आमच्या जुन्या घरात तळमजल्यावर एक ग्रीक बाई राहायच्या आणि मधल्या मजल्यावर मी. लॉकडाउनमध्ये रोज सकाळी अकराला, नेमकी माझी ऑफिसची मीटिंग चालू असताना, खालून किंकाळी यायची. चौथ्या दिवशी मॅनेजरने विचारलं, "तुझ्या घरी सगळं ठीक आहे ना?" तेव्हा मी मास्क लावून खाली गेले.

दार उघडून बाई प्रसन्नपणे म्हणाल्या, "वरपर्यंत ऐकू येतं? छान."

सत्तरी ओलांडलेली, ओठांना लालभडक लिपस्टिक, पायात लोकरीचे मोजे. उभी हयात त्यांनी भयपटांत आणि भुताखेतांच्या सिनेमांत घालवली होती. पिशाच्चांनी त्यांचं रक्त प्यायलं होतं, ममीने गळा आवळला होता, एकदा तर अंतराळयानात एका हिरव्या चिकट गोळ्याने त्यांना गिळलं होतं. तो गोळा दिसायला अगदी साबुदाण्याच्या खिरीसारखा होता, हे त्यांनी जुना फोटो दाखवला तेव्हा कळलं आणि मी पायरीवर बसून पोट धरून हसले.

"एकतीस सिनेमे केले," त्या म्हणाल्या, "आणि एकतिसांतही मेले. बहुतेक वेळा मध्यंतराच्या आधीच."

आता एका सिनेमात आजीची भूमिका होती. घरातले सगळे मरतात, आजी तेवढी उरते. रोजची किंकाळी म्हणजे त्याचाच सराव. ऑडिशन घरीच फोनवर रेकॉर्ड करून संध्याकाळपर्यंत पाठवायची होती. भूमिका त्यांना फार हवी होती. फोन धरायचं काम माझ्याकडे आलं. सहा वेळा घेतलं, सहाही वेळा बाई चुकल्या.

मी वर येऊन आईला पुण्याला व्हिडिओ कॉल लावला. ती म्हणाली, "अगं, दृष्ट लागलीये त्यांना. काढून टाक." बाईंना सांगितलं तर त्या खूशच झाल्या. दृष्ट त्यांच्याकडेही लागते म्हणे. त्यांची आजी पाण्यात तेलाचे थेंब टाकून बघायची.

मीठ, मोहरी आणि सुरिनामी दुकानातल्या सुक्या मिरच्या मुठीत घेतल्या. दीड मीटरचा नियम पाळून, हात लांब करून ओवाळणारी मी पहिलीच असेन. 'आल्यागेल्याची, पापी-चांडाळाची' सगळं म्हटलं, मिरच्या तापलेल्या तव्यावर टाकल्या, आणि मग लक्षात आलं की थंडीमुळे घरातल्या सगळ्या खिडक्या बंद आहेत. घरभर खोकला उसळला. त्या दिवसांत खोकल्याइतकी भीती कशाचीच नव्हती. वरच्या मजल्यावरचे गृहस्थ, जे टपालातली पत्रंसुद्धा सॅनिटायझरने पुसत, ते थेट रस्त्यावर पळाले आणि तिथूनच हाउसआर्ट्सला, म्हणजे आपल्या फॅमिली डॉक्टरला, फोन लावू लागले.

आई फोनवर नाराज. "एवढा ठसका लागला? मग दृष्ट नव्हतीच. लागलेली असली की मिरच्यांचा वाससुद्धा येत नाही."

मी हसत हसत बाईंना हे सांगून बसले. त्यांचा चेहरा पडला.

"बरोबर आहे," त्या म्हणाल्या. "इतकी वर्षं माझ्याकडे कुणी बघितलंच नाही, तर दृष्ट लागणार कशी?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी फोन वर धरला आणि म्हटलं, "मी बघतेय. करा."

डोळे लाल, आवाज बसलेला. किंकाळी फुटलीच नाही, नुसती घरघर आली. तशीच पाठवली.

भूमिका मिळाली. निर्बंध सैल झाल्यावर शूटिंग सुरू झालं, आणि तिसऱ्या आठवड्यात एका संध्याकाळी बाई दारात भेटल्या. चपला हातात, पाय सुजलेले.

"कसं चाललंय?" मी विचारलं.

"पूर्वी बरं होतं," त्या म्हणाल्या. "दोन दिवसांत मरायचं आणि घरी यायचं. आता जिवंत राहायचंय, तर रोज जावं लागतं." आणि पहाटे पाचचा गजर लावून द्यायला फोन माझ्या हातात दिला.